पौराणिक स्किट लिहिताय? आधी कुंभकर्णाचा मोबाईल काढून घ्या

टीव्हीसाठी स्किट लिहायचंय म्हणून येणारे बहुतेक जण पहिलं सॅम्पल पौराणिकच आणतात. 'हास्यजत्रा', 'चला हवा येऊ द्या' बघून वाटतं सोपंय, मुकुट चढवा, हातात मोबाईल द्या, झालं. नाही होत. मीही याच खड्ड्यात बरेच दिवस होतो म्हणून जरा लांबण लावतो.

कुंभकर्ण घ्या. अलार्म वाजतो, तो स्नूझ करतो, रावण व्हिडिओ कॉल लावतो. रीडिंगला पहिल्या पंचला सगळे हसतात, दुसऱ्याला दोघं-तिघं, तिसऱ्याला फक्त तुम्ही. कारण जोक मोबाईलचा आहे, कुंभकर्णाचा नाहीच. त्याच्या जागी होस्टेलचं पोरगं झोपवलं आणि स्किट तसंच चाललं तर सरळ फाडा.

आता युद्धकांड उघडा. त्याला उठवायला राक्षस ढोल-शंख वाजवतात, अंगावरून हत्ती पळवतात, पण त्याआधी काय करतात, तर समोर मांसाचे ढीग रचून ठेवतात! कारण गडी उठणार तो भुकेलाच, मग समोर कोण सापडेल त्याची खैर नाही. म्हणजे उठव ही ऑर्डर थेट रावणाची, आणि उठवणाऱ्याला तर तो उठायलाच नकोय. दोन शिपाई, एक घोरणारा, 'तू हाक मार', 'छे छे, तुम्ही सिनियर', आठ मिनिटं आरामात निघतात.

तमाशातली गौळण हेच करत आलीय. कृष्ण आपल्या जागी, हशा त्याचा सवंगडी पेंद्या आणि गवळणींसोबतची मावशी यांच्यावर. देवाची टिंगल म्हणून चॅनेलची कात्री लागायची भीतीही त्यामुळे कमी होते.

'जाने भी दो यारो' (१९८३) या हिंदी सिनेमातलं महाभारताचं नाटक परत बघा. द्रौपदीच्या साडीत प्रेत लपवलंय, त्यामुळे जे वस्त्रहरण गोष्टीत व्हायलाच हवं तेच काही करून होऊ द्यायचं नाहीये, सगळा गोंधळ तिथून येतो.

पंच शिकवणाऱ्या वर्कशॉपना पैसे घालू नका, माझं स्पष्ट मत. कुठे रिहर्सलला कोपऱ्यात बसू देत असतील तर बसा, नट कुठल्या वाक्याला अडखळतो ते बघा. स्किटं परत येतात, सगळ्यांचीच येतात, टेन्शन घेऊ नका. पण व्हॉट्सॲपचा जोक रावणाच्या तोंडी घातलात तर पहिल्याच पानावर ओळखू येतो आणि पुढचं कोणी वाचत नाही.