एप्सन एल३११० प्रिंटरचा वेस्ट इंक काउंटर शून्यावर कसा आणावा

एप्सन एल३११० या घरगुती प्रिंटरवरील शाईचा आणि कागदाचा दिवा आळीपाळीने लुकलुकू लागला आणि संगणकावर इंक पॅडची मुदत संपल्याचा संदेश आला, की यंत्रच निकामी झाले असे अनेकांना वाटते. हेडच्या, म्हणजे कागदावर शाई सोडणाऱ्या भागाच्या, सफाईत वाया जाणारी शाई प्रिंटरच्या आत बसवलेल्या शोषक पॅडमध्ये जमा होत असते. मात्र पॅड किती भिजले आहे हे पाहणारा सेन्सर तेथे नसल्यामुळे प्रिंटर प्रत्येक सफाईच्या शाईचा अंदाज स्मृतीत मांडत राहतो आणि ठरावीक मर्यादा गाठताच छपाई बंद करतो. काउंटर शून्य केल्याने पुसली जाते ती केवळ ही नोंद. शाई पॅडमध्येच राहते. म्हणून पॅडचे काम आधी करावे.

प्रिंटर वॉरंटीत असल्यास तो थेट सर्व्हिस सेंटरकडे न्यावा. कॅनन जी३०२० सारख्या मॉडेलमध्ये वाया गेलेली शाई साठवणारे मेंटेनन्स कार्ट्रिज घरीच बदलता येते, त्यामुळे तेथे या खटाटोपाची गरजच पडत नाही.

पॅड काढण्यापूर्वी प्रिंटर बंद करून वायर सॉकेटमधून काढावी, खाली जुनी वर्तमानपत्रे अंथरावीत आणि हातमोजे घालावेत, कारण ही शाई फरशीवर किंवा कपड्यांवर सांडली तर डाग सहजासहजी निघत नाही. मागच्या बाजूच्या कोपऱ्यातील स्क्रू काढून पॅडची पेटी हलकेच बाहेर ओढावी आणि तिला जोडलेली बारीक नळी ताण न देता सोडवावी. नवीन पॅड मिळत असेल तर तेच बसवावे. जुनेच वापरायचे असल्यास ते पाणी जवळजवळ स्वच्छ येईपर्यंत धुऊन, पिळून पूर्ण वाळवावे. ओलसर पॅड बसवणे म्हणजे त्याची शोषणक्षमता आधीच खर्च करणे होय. पेटी परत बसवताना नळी पुन्हा जागेवर घट्ट बसली आहे ना, हे अवश्य पाहावे.

काउंटरसाठी त्याच मॉडेलचा ॲडजस्टमेंट प्रोग्राम आणि विंडोज असलेला संगणक लागतो. हा प्रोग्राम मुळात सर्व्हिस सेंटरच्या तंत्रज्ञांसाठी आहे. इंटरनेटवर फुकट मिळणाऱ्या प्रतींमध्ये व्हायरस असण्याचा धोका मोठा असतो आणि अँटीव्हायरस बंद करायला सांगणारी प्रत तर उघडूच नये. खात्रीची प्रत नसेल, तर हा टप्पा तंत्रज्ञाकडून करून घेणे शहाणपणाचे.

प्रिंटर यूएसबी केबलने जोडून सुरू करावा, प्रोग्राममध्ये मॉडेल आणि पोर्ट निवडावा, ‘पर्टिक्युलर ॲडजस्टमेंट मोड’मध्ये जाऊन ‘वेस्ट इंक पॅड काउंटर’ उघडावा. ‘मेन पॅड काउंटर’वर खूण करून ‘चेक’ दाबल्यावर सध्याचा आकडा दिसतो. तीच खूण ठेवून ‘इनिशियलाइझ’ दाबावे, सूचना येताच प्रिंटर बंद करावा आणि थोड्या वेळाने पुन्हा सुरू करावा. यादरम्यान केबल काढू नये.

दिवे स्थिर झाल्यावर नोझल चेकचे, म्हणजे हेडची शाईची छिद्रे मोकळी आहेत का हे दाखवणारे, एक पान छापून पाहावे. त्यात रेषा तुटक दिसत नसतील, तर हेड क्लीनिंग करू नये. तेवढी शाई नव्या पॅडमध्ये विनाकारण जाते.