प्राग शहराच्या वास्तू पायी कशा पाहाव्यात: सांगली-साताऱ्याच्या प्रवाशांसाठी

सांगली, मिरज, कराड, सातारा या पट्ट्यातील कितीतरी घरांतली मुले आता नोकरीनिमित्त जर्मनीत राहतात. त्यांच्याकडे महिना-दोन महिने मुक्कामाला जाणारे आई-वडील बहुधा चेक प्रजासत्ताकाची राजधानी असलेल्या प्रागलाही जाऊन येतात, कारण जर्मनीतल्या ड्रेस्डेनहून हे शहर आगगाडीने सुमारे अडीच तासांवर आहे. कार्यक्रमही ठरलेला असतो. सकाळी पोहोचायचे, रंगीत छत्री उंच धरलेल्या मार्गदर्शकामागे तीन तास चालायचे, घड्याळासमोर फोटो काढायचा आणि संध्याकाळची गाडी पकडायची. परतल्यावर मात्र पूल आणि घड्याळ यांपलीकडे फारसे काही आठवत नाही. यात मार्गदर्शकाचा दोष नसतो. बाराव्या शतकातील रोमनेस्क धाटणीच्या तळघरांपासून विसाव्या शतकाच्या अखेरीस बांधलेल्या इमारतींपर्यंतचा ऐवज तीन तासांत मावत नाही, एवढेच. म्हणून संपूर्ण शहराचा फेरफटका घेण्याऐवजी एका वेळी एकच भाग पाहणारी फेरी निवडावी, आणि प्रत्येक वास्तूसमोर एकच प्रश्न मनात धरावा: यातले मूळचे किती आणि नंतरचे किती?

या प्रश्नाचा सराव घरूनच करून जावा. तासगावच्या गणपतीचे सात मजली गोपूर आपण लहानपणापासून पाहतो. पण दक्षिणेकडची ही घडण कृष्णाकाठच्या मुलखात का आली, असे स्वतःला विचारले की उत्तर परशुरामभाऊ पटवर्धनांच्या कर्नाटकातील स्वाऱ्यांपर्यंत जाते. वाईच्या ढोल्या गणपतीच्या देवळाची मागची भिंत पुराचे पाणी दुभंगून दोन्ही बाजूंना जावे म्हणून निमुळती बांधलेली आहे, हेही देवळाला वळसा घालून पाठीमागे गेल्याशिवाय लक्षात येत नाही. अशा दोन-तीन वास्तू या नजरेने पाहिल्या की परक्या शहरात काय विचारायचे ते आपोआप सुचते.

फेरीची निवड करताना तीन गोष्टी तपासाव्यात: गटातील माणसांची कमाल संख्या, फेरीचा आवाका आणि मार्गदर्शकाचा विषय. ‘मोफत फेरी’ या नावाने चालणाऱ्या फेऱ्या वस्तुतः बक्षिसीवर चालतात. तिथे गट मोठे असतात आणि सर्वांना हसवत ठेवायचे असल्यामुळे दंतकथांचा भरणा जास्त असतो. शहराची तोंडओळख म्हणून त्या वाईट नाहीत. पण वास्तुकलेसाठी जायचे असेल तर पैसे मोजून, दहा-बारा जणांपेक्षा लहान गट असलेली आणि वास्तुकला हाच विषय जाहीर केलेली फेरी घ्यावी, असे माझे स्पष्ट मत आहे. मार्गदर्शकाचे इंग्रजी चेक वळणाचे असते आणि ते कानाला सरावायला थोडा वेळ लागतो, तेव्हा ज्येष्ठांनी पहिल्या थांब्यापासूनच त्याच्या जवळ उभे राहावे आणि न समजलेले पुन्हा विचारण्यात संकोच करू नये. तो बोलत असताना फोटो काढू नयेत. वास्तू पळून जात नाही, बोलणे मात्र एकदाच होते.

पहिला दिवस जुन्या शहराला, म्हणजे ओल्ड टाउन चौक आणि त्याच्या आजूबाजूच्या गल्ल्यांना द्यावा. येथे पाहण्याची सुरुवात वरून नव्हे, तर खालून करावी. व्हल्टावा नदीच्या पुरांपासून वाचण्यासाठी तेराव्या शतकात या भागाची जमीन भर घालून दोन मीटर, आणि काही ठिकाणी त्याहूनही अधिक, उंच करण्यात आली. त्यामुळे बाराव्या शतकातील दगडी घरांचे तळमजले जमिनीखाली गेले, आणि आज तीच तळघरे उपाहारगृहे किंवा प्रदर्शनाची दालने म्हणून वापरात आहेत. ज्या फेरीत अशा एखाद्या तळघरात उतरायला मिळते, ती शक्यतो सोडू नये. पायऱ्या उतरून आत गेल्यावर जाड भिंती, अर्धगोल कमानी आणि पिवळसर छटेचा, थरांनी बसवलेला दगड दिसतो. तिथले लोक या दगडाला ओपुका म्हणतात. खिडकीसारखा दिसणारा झरोका एके काळी रस्त्याच्या पातळीवर उघडत होता, हे मार्गदर्शकाने सांगितल्यावर वरच्या साऱ्या चौकाकडे पाहण्याची दृष्टीच बदलते. वर येऊन पाहिले तर त्याच घराचा दर्शनी भाग बरोक (साधारण सतराव्या-अठराव्या शतकाच्या) किंवा त्यानंतरच्या धाटणीचा असतो, आणि मधल्या मजल्यांच्या भिंतींत गॉथिक (साधारण तेराव्या ते पंधराव्या शतकाच्या) काळाचे बांधकाम दडलेले असते. एकाच घरात तीन काळ कसे नांदतात, याचा उलगडा चौकातील ‘दगडी घंटेचे घर’ उत्तम करते. त्याचा नंतरचा बरोक मुखवटा विसाव्या शतकाच्या उत्तरार्धात काढून टाकण्यात आला आणि आतली चौदाव्या शतकाची गॉथिक भिंत, टोकदार खिडक्यांसह, पुन्हा उघडी करण्यात आली. शेजारीच किन्स्की राजवाड्याचा गुलाबी-पांढरा, नक्षीदार दर्शनी भाग आहे. या दोन्हींच्या मध्ये उभे राहून मार्गदर्शकाला काळाच्या खुणा विचाराव्यात.

त्या खुणा थोडक्यात अशा. अर्धगोल कमान आणि लहान खिडकी दिसली तर बांधकाम सर्वांत जुने, म्हणजे साधारण बाराव्या शतकाचे समजावे. टोकदार कमान आणि छताखाली एकमेकींना छेदणाऱ्या दगडी फासळ्या दिसल्या तर ते गॉथिक. छताचा भार या फासळ्यांवाटे खांबांवर आणि बाहेरच्या आधारांवर उतरतो, म्हणून भिंत मोकळी होते आणि तिथे उंच रंगीत काचा बसवता येतात. भिंतीवर काळ्या-पांढऱ्या रेघांचे चित्र असेल तर ते सोळाव्या शतकाच्या आसपासचे स्ग्राफितो. गडद गिलाव्यावर फिकट गिलाव्याचा पातळ थर देऊन, तो ओला असतानाच खरवडून हे चित्र काढतात. चौकाजवळच्या ‘मिनिटाच्या घरावर’ ते अगदी जवळून पाहता येते. लेखक फ्रान्झ काफ्काचे कुटुंब काही वर्षे याच घरात राहत होते. भिंतच वळलेली, घुमट प्रचंड आणि पुतळे जणू हालचालीत गोठलेले असतील तर ते बरोक, आणि त्यामागे १६२० च्या पांढऱ्या टेकडीवरील लढाईत प्रॉटेस्टंट सरदारांचा पराभव झाल्यानंतर कॅथलिक सत्तेने मांडलेले प्रदर्शन असते.

खगोलीय घड्याळाबद्दल थोडे वेगळे सांगायला हवे. १४१० सालच्या या यंत्रासमोर दर तासाला शेकडो माणसे वर पाहत उभी राहतात, बारा प्रेषितांच्या मूर्ती खिडकीतून फिरून जातात आणि एका मिनिटाच्या आत सारा खेळ संपतो. तेवढ्यासाठी गर्दीत खिसा सांभाळत उभे राहण्यापेक्षा, तास होऊन दहा मिनिटे झाल्यावर तिथे जावे आणि तबकडी नीट वाचून घ्यावी. बाहेरचे चोवीस अंकांचे वलय सूर्यास्तापासून तास मोजते. आतले सरकते वलय राशींचे असून सूर्य आणि चंद्र कोणत्या राशीत आहेत ते त्यावर दिसते. पंचांग पाहण्याची सवय असलेल्या माणसाला ही तबकडी इतर प्रवाशांपेक्षा लवकर उमगते. मात्र त्या राशी सायन असल्यामुळे आपल्या निरयन राशींशी सुमारे २४ अंशांचा फरक पडतो, हे ध्यानात ठेवावे.

दुसऱ्या दिवशी चार्ल्स पूल, आणि तोही पहाटे. उन्हाळ्यात सकाळी सातच्या आत पोहोचले तर पुलावर चालायला जागा मिळते. दहानंतर फक्त पुढच्याची पाठ दिसते. १३४२ च्या पुरात आधीचा पूल वाहून गेल्यावर सम्राट चौथ्या चार्ल्सने १३५७ मध्ये या पुलाचा पाया घातला. लांबी सुमारे ५१६ मीटर, कमानी १६, कठड्यांवर ३० पुतळे. पण पुतळे पुलापेक्षा बरेच नंतरचे, मुख्यतः १६८३ ते १७१४ या काळातले आहेत, आणि आज जे दिसतात त्यांपैकी बहुतेक प्रतिकृती आहेत. मूळ दगडी पुतळ्यांपैकी अनेक संग्रहालयात आणि विशेहराड या जुन्या गडाच्या तटातील दालनात जपून ठेवले आहेत. त्यामुळे पुतळ्यांवरून नजर काढून खांबांकडे वळवावी. पुलाच्या पलीकडच्या टोकाला कांपा बेटावर उतरले की ते समोरून दिसतात. प्रवाह जिकडून येतो त्या बाजूला त्यांना टोक काढलेले आहे, आणि त्यांच्यापुढे बर्फाचे तुकडे अडवण्यासाठी लाकडी ओंडक्यांचे उतरते सांगाडे रोवलेले आहेत. ढोल्या गणपतीच्या मागच्या भिंतीचे कारण ज्याला ठाऊक आहे, त्याला हे वेगळे समजावून सांगावे लागत नाही.

जुन्या शहराच्या बाजूच्या टोकाशी, काठाच्या भिंतीत, दाढीवाल्या माणसाचे एक दगडी तोंड बसवलेले आहे. गर्दीच्या फेऱ्यांत ते हमखास राहून जाते, म्हणून मार्गदर्शकाला आवर्जून दाखवायला सांगावे. त्याचे नाव ब्रादाच. पुराचे पाणी त्याच्या चेहऱ्यावर कुठवर चढले यावरून पूर्वी शहराला किती धोका आहे ते ओळखत असत. कृष्णेवरील आयर्विन पुलाच्या पट्टीवर पाणी धोक्याच्या ४५ फुटांकडे सरकताना रात्र जागून काढलेल्या सांगलीकराला त्या दगडासमोर उभे राहून बरेच प्रश्न सुचतील. ऑगस्ट २००२ च्या महापुरात कांपा आणि आसपासचा भाग पाण्याखाली गेला होता. तेव्हाच्या पातळीच्या खुणा कुठे आहेत, हे त्यांपैकी एक.

तिसरा दिवस किल्ल्याचा. इथली सर्वांत मोठी गल्लत संत व्हिटस यांच्या कॅथेड्रलच्या दारातच होते. चौकातून आत शिरल्यावर समोर येणारे दोन मनोरे आणि दर्शनी भाग पाहून प्रवासी ‘सातशे वर्षांपूर्वीचे काम’ म्हणून थक्क होतात; परंतु तो भाग एकोणिसाव्या-विसाव्या शतकातला आहे. काम १३४४ मध्ये सुरू झाले. चार्ल्सचे बालपण फ्रान्सच्या दरबारात गेले होते, त्यामुळे त्याने आव्हिन्यों येथून आरासचा मातियास हा फ्रेंच वास्तुकार आणवला. तो १३५२ मध्ये वारला आणि १३५६ मध्ये पीटर पार्लर या तरुण जर्मन गवंड्याच्या हाती काम आले. पुढे पंधराव्या शतकातील हुस्साइट युद्धांत (धर्मसुधारक यान हुसच्या अनुयायांच्या लढायांत) ते थांबले आणि वास्तू शतकानुशतके अर्धवट राहून अखेर १९२९ मध्ये पूर्ण झाली. म्हणून पश्चिमेच्या दारातून आत गेल्यावर सरळ पुढे चालत राहावे आणि मध्यभाग ओलांडताना वर पाहावे. जिथून पार्लरचे मूळ काम सुरू होते तिथल्या छतावर फासळ्यांची जाळी विणलेली आहे, आणि ती त्या काळासाठी नवी गोष्ट होती. बाहेर दक्षिणेकडचे सोनेरी दारही चौदाव्या शतकाचे असून त्यावरील रंगीत काचखड्यांचे चित्र जरूर पाहावे. किल्ल्याच्या आवारात फिरायला पैसे पडत नाहीत. आतल्या दालनांना तिकीट लागते. रविवारी सकाळी प्रार्थना असल्याने कॅथेड्रल प्रवाशांसाठी दुपारनंतर उघडते. जुन्या ज्यू वस्तीतील सिनेगॉग शनिवारी बंद असतात. फेरी ठरवताना हे वार आधी पाहावेत.

चौथा दिवस हाताशी असेल तर नव्या वास्तूंची फेरी घ्यावी: १९१२ मध्ये पूर्ण झालेले नगरभवन, त्याच सुमाराचे वास्तुकार योसेफ गोचारचे घनवादी (क्युबिस्ट) ‘काळ्या मेरीचे घर’ आणि १९९६ चे ‘नृत्यगृह’ (डान्सिंग हाउस). घनवाद, म्हणजे वस्तू कोनदार भौमितिक आकारांत मांडणारी शैली, चित्रात अनेकांनी पाहिलेला असतो. इथे तो खिडकीच्या चौकटीत आणि जिन्याच्या कठड्यात दिसतो.

रस्ते बारीक दगडांच्या फरसबंदीचे असल्यामुळे चपला किंवा नवे बूट घालून जाऊ नये. जाड तळव्याचे, पायात मुरलेले बूट हवेत. बऱ्याच ठिकाणी स्वच्छतागृहाला पैसे पडतात, म्हणून सुटी नाणी जवळ ठेवावीत. पारंपरिक चेक उपाहारगृहांत शाकाहारी माणसाला पर्याय कमी मिळतात. पिशवीत भडंग असलेले बरे. पत्ता शोधताना घरावरच्या दोन पाट्यांनी गोंधळू नये: निळी पाटी रस्त्यातला क्रमांक दाखवते, तर लाल पाटी त्या भागातील घराचा नोंदणी क्रमांक असतो. घरांना क्रमांक देण्याची पद्धत १७७० मध्ये आली. त्यापूर्वी घरे दारावरच्या चिन्हांनी ओळखली जात, आणि किल्ल्याकडे चढणाऱ्या नेरुदोवा रस्त्यावर ‘दोन सूर्य’, ‘तीन व्हायोलिने’ अशी चिन्हे अजून दिसतात. बक्षिसी द्यायची असल्यास ती स्थानिक कोरुनामध्ये, फेरी संपल्यावर थेट मार्गदर्शकाच्या हाती द्यावी, आणि त्याच वेळी त्याला स्वतःला या भागातली कोणती वास्तू आवडते ते विचारून घ्यावे. ती बहुतेकदा फेरीच्या मार्गावर नसते आणि संध्याकाळी एकट्याने जाऊन पाहता येते.