हप्ता परवडला म्हणजे घर परवडले असे नाही: गृहकर्जातील या चुका टाळा

प्राप्तिकर विवरणपत्रे भरण्याच्या हंगामात नाशिकमधील अनेक नोकरदारांची गृहकर्जाची कागदपत्रे माझ्या टेबलावर येतात. कोणाचे घर इंदिरानगरला असते, कोणाचे पाथर्डी फाट्याला, तर कोणाचे म्हसरूळ किंवा नाशिकरोडला. बँकाही वेगवेगळ्या असतात, चुका मात्र वर्षानुवर्षे त्याच. हप्ता किती, हे कर्जदार रुपयापर्यंत अचूक सांगतो आणि व्याजदर अंदाजाने सांगतो. कर्ज कोणत्या वर्षी फिटणार आणि तोपर्यंत बँकेला एकूण किती रक्कम जाणार, हे विचारले की बहुतेकांकडे उत्तर नसते. आयुष्यातील सर्वांत मोठ्या खरेदीची खरी किंमत नेमक्या याच दोन आकड्यांत दडलेली असते.

हप्ता कमी बसावा म्हणून मुदत वाढवणे

८.५ टक्के दराने ४० लाखांचे कर्ज घेतले असे समजू. १५ वर्षांसाठी त्याचा हप्ता सुमारे ३९,३९० रुपये येतो, २० वर्षांसाठी ३४,७१३ आणि ३० वर्षांसाठी ३०,७५७. एवढेच आकडे समोर ठेवले, तर घर घेण्याची घाई झालेला कोणीही तिसरा पर्याय निवडेल. आता एकूण परतफेड पाहा. १५ वर्षांत सुमारे ७०.९ लाख, २० वर्षांत ८३.३ लाख आणि ३० वर्षांत १ कोटी १०.७ लाख रुपये जातात. म्हणजे २० ऐवजी ३० वर्षांची मुदत घेऊन दरमहा चार हजारांहून थोडे कमी वाचतात आणि त्या बदल्यात २७ लाखांहून अधिक जादा व्याज भरावे लागते.

याच कर्जाचे २० वर्षांचे वेळापत्रक उघडून पाहिल्यास आणखी एक गोष्ट लक्षात येते. पहिल्या हप्त्यातील ३४,७१३ रुपयांपैकी २८,३३३ रुपये व्याजात जातात आणि मुद्दल केवळ ६,३८० रुपयांनी कमी होते. पाच वर्षे नियमित हप्ते भरल्यावर बँकेला सुमारे २०.८ लाख रुपये दिलेले असतात, पण मुद्दल जेमतेम पावणेपाच लाखांनी घटलेले असते. निम्मे मुद्दल फिटायला जवळजवळ १४ वर्षे लागतात. बँक यात कोणतीही फसवणूक करत नाही. व्याज शिल्लक रकमेवर आकारले जाते आणि सुरुवातीला शिल्लक मोठी असते, एवढाच याचा अर्थ. हे वेळापत्रक मंजुरीच्या वेळीच मागून घ्यावे आणि सही करण्यापूर्वी घरातील दोन्ही कमावत्या माणसांनी सोबत बसून वाचावे. 'नंतर पाहू' म्हणणाऱ्यांपैकी फारच थोडे जण नंतर पाहतात.

व्याजदर वाढल्यावर बँकेने काय केले हे न पाहणे

ही चूक मला सर्वांत अस्वस्थ करते, कारण ती होताना कर्जदाराला काहीच जाणवत नाही.

१ ऑक्टोबर २०१९ पासून बँकांना नवी बदलत्या दराची गृहकर्जे बाह्य निर्देशांकाशी, म्हणजे बँक स्वतः ठरवत नाही अशा एखाद्या दराशी, जोडणे बंधनकारक झाले आणि बहुतेक बँकांनी त्यासाठी रेपो दर, म्हणजे रिझर्व्ह बँक ज्या दराने बँकांना अल्प मुदतीचे कर्ज देते तो दर, निवडला. मे २०२० पासून रेपो दर ४ टक्के होता. त्या काळात पावणेसात टक्क्यांच्या आसपास गृहकर्ज मिळत असल्यामुळे पुष्कळांनी घरे घेतली. मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ या अवघ्या दहा महिन्यांत रिझर्व्ह बँकेने रेपो दर ६.५ टक्क्यांवर नेला.

अंबडच्या औद्योगिक वसाहतीत काम करणाऱ्या माझ्या ओळखीच्या एका गृहस्थांनी २०२१ च्या मध्यावर पाथर्डी फाट्याजवळच्या सदनिकेसाठी ३५ लाखांचे कर्ज ६.७५ टक्क्यांनी, २० वर्षांसाठी घेतले होते. हप्ता २६,६१३ रुपये होता. २०२३ मध्ये ते माझ्याकडे आले ते विवरणपत्रासाठी. कर्जाबद्दल विचारल्यावर निश्चिंतपणे म्हणाले, "दर वाढले म्हणतात सगळे, पण आमचा हप्ता बाराशेनेच वाढलाय. तेवढं चालतं." त्यांच्या पत्नीने आणलेल्या खातेउताऱ्याच्या खालच्या कोपऱ्यात बारीक अक्षरांत एक ओळ होती: शिल्लक हप्ते ३६०.

२४० हप्त्यांचे कर्ज घेऊन, जवळपास दोन वर्षे हप्ते भरून, आता ३६० हप्ते शिल्लक होते. दर ९.२५ टक्के झाला होता आणि मुद्दल सुमारे ३३.८ लाख उरले होते. त्या मुद्दलावरचे एका महिन्याचे व्याजच २६ हजारांच्या पुढे जात होते. जुना हप्ता तसाच ठेवला असता, तर कर्ज फिटायला आणखी ४० वर्षांहून अधिक काळ लागला असता. त्यामुळे बँकेने हप्ता २७,८०० च्या आसपास नेला आणि मुदत वयाची मर्यादा परवानगी देईल तेवढी ताणली. गृहस्थांचे वय तेव्हा ३८ होते आणि कंपनीतून निवृत्ती ५८ व्या वर्षी. म्हणजे निवृत्तीनंतरही दहा वर्षे हप्ता चालू राहणार होता. तोच दर पुढे कायम राहिला असता, तर त्या दिवसापासून पुढची एकूण परतफेड एक कोटीवर गेली असती. मूळ मुदत कायम ठेवायची असती, तर हप्ता सुमारे ३२ हजार झाला असता आणि एकूण परतफेड ७० लाखांच्या आसपास राहिली असती. वहिनींनी कॅल्क्युलेटर हातात घेऊन तो गुणाकार दोनदा केला.

३२ हजार त्यांना झेपणारे नव्हते. मुलीची शाळा, गावाकडे आई-वडील, हे सगळे खर्च होते. पण हप्ता ३० हजार केला तर काय होईल, तेही आम्ही मांडले. बँकेने ठरवलेल्या हप्त्यापेक्षा दरमहा केवळ सव्वादोन हजारांच्या आत जास्त भरल्याने मुदत ३० वर्षांवरून २२ वर्षांवर येत होती आणि त्याच दराने सुमारे २१ लाख रुपये वाचत होते. त्यांनी दुसऱ्याच दिवशी शाखेत हप्ता वाढवण्याचा लेखी अर्ज दिला. काउंटरवर त्यांना सांगण्यात आले की असा अर्ज सहसा कोणी देत नाही, आणि मला हे पूर्णपणे खरे वाटते. दिवाळीच्या बोनसमधूनही ते दरवर्षी मुद्दलात काही रक्कम भरतात. २०२५ मध्ये रेपो दर टप्प्याटप्प्याने ५.२५ टक्क्यांपर्यंत उतरला, तेव्हाही त्यांनी हप्ता कमी करून घेतला नाही.

ऑगस्ट २०२३ मध्ये रिझर्व्ह बँकेने यासंबंधी स्पष्ट निर्देश दिले. दर बदलल्यावर हप्ता, मुदत किंवा दोन्हींवर काय परिणाम होतो ते कर्जदाराला कळवणे, आणि हप्ता वाढवणे, मुदत वाढवणे किंवा काही रक्कम आधी भरणे यांतील निवड त्याला देणे बंधनकारक आहे. मात्र बँकेचा संदेश न वाचताच पुसून टाकणाऱ्या माणसाला या हक्काचा काही उपयोग नाही. माझी पद्धत साधी आहे. कर्जाच्या फाइलच्या पहिल्या पानावर शेवटच्या हप्त्याचा महिना व वर्ष ठळक लिहून ठेवावे आणि दर एप्रिलमध्ये उतारा काढून तीच तारीख अजून कायम आहे का ते पाहावे. ती पुढे सरकली असेल, तर त्याच आठवड्यात शाखेत जावे. मोबाइलवरील आकर्षक ॲप्सपेक्षा हे एक ओळीचे काम मला अधिक भरवशाचे वाटते.

जादा पैसे भरण्याची वेळ चुकवणे

निफाड किंवा दिंडोरी तालुक्यात द्राक्षबाग असलेल्या आणि नाशिकमध्ये घर घेतलेल्या कुटुंबांकडे खुडा संपल्यावर एकरकमी पैसा येतो. नोकरदारांकडे तो बोनसच्या रूपाने येतो. तो सुरुवातीच्या वर्षांत कर्जात भरला, तर फार मोठा फरक पडतो. वरच्या ४० लाखांच्या, २० वर्षांच्या उदाहरणात पहिल्या वर्षाअखेरीस एक लाख रुपये जादा भरून हप्ता तोच ठेवला, तर मुदत जवळपास चौदा महिन्यांनी घटते आणि सुमारे पावणेचार लाखांचे व्याज वाचते. तेच एक लाख चौदाव्या वर्षाअखेरीस भरले, तर वाचणारे व्याज सुमारे ६४ हजार असते. बदलत्या दराच्या वैयक्तिक गृहकर्जावर मुदतीपूर्वी परतफेडीचा दंड आकारता येत नाही, त्यामुळे थांबण्याचे कारण उरत नाही. जादा रक्कम भरताना 'हप्ता तोच ठेवून मुदत कमी करावी' असे लेखी द्यावे, अन्यथा काही ठिकाणी हप्ता कमी करून मुदत तशीच ठेवली जाते.

अर्थात, घरात सहा महिन्यांच्या खर्चाइतकी रक्कम बाजूला नसताना सगळा पैसा कर्जात घालू नये. एखाद्या वर्षी अवकाळी पावसाने बाग गेली, तर बँक भरलेले मुद्दल परत देत नाही.

करसवलतीसाठी कर्ज जपून ठेवणे

'कर वाचतो म्हणून कर्ज फेडत नाही' हे वाक्य ऐकले की मी कागदावर आकडेच मांडून दाखवतो. वरच्या ४० लाखांच्या, २० वर्षांच्या कर्जावर पहिल्या वर्षी सुमारे ३ लाख ३७ हजार रुपये व्याज जाते. स्वतः राहत असलेल्या घरासाठी जुन्या करप्रणालीत वर्षाला कमाल २ लाख रुपयांच्या व्याजाची वजावट मिळते. ३० टक्क्यांच्या गटातील व्यक्तीचा त्यातून उपकरासह जास्तीत जास्त ६२,४०० रुपये कर वाचतो. नव्या करप्रणालीत ही वजावटच नाही, आणि आर्थिक वर्ष २०२३-२४ पासून आपण जुनी निवडली नाही, तर नवी प्रणालीच गृहीत धरली जाते. कर्ज घेताना जी करसवलत हिशेबात धरली होती, ती आपल्याला आजही मिळते का, हे दरवर्षी तपासायला हवे.

घराच्या किमतीबाहेरचे खर्च विसरणे

रिझर्व्ह बँकेच्या नियमांनुसार ३० लाखांपर्यंतच्या कर्जात घराच्या किमतीच्या ९० टक्क्यांपर्यंत, ३० ते ७५ लाखांपर्यंत ८० टक्क्यांपर्यंत आणि त्यावर ७५ टक्क्यांपर्यंतच कर्ज मिळू शकते. १० लाखांवरील घरांच्या बाबतीत मुद्रांक शुल्क व नोंदणी फी या किमतीत धरली जात नाही. ५० लाखांच्या सदनिकेसाठी दहा लाख स्वतःचे, त्यावर मुद्रांक शुल्क, नोंदणी फी, बँकेची प्रक्रिया फी आणि वकिलाचा मालकी हक्काबाबतचा शोध अहवाल. बांधकाम सुरू असलेल्या इमारतीत ५ टक्के जीएसटी लागतो. नाशिकसारख्या शहरात सदनिका ४५ लाखांच्या आत आणि ९० चौरस मीटर चटईक्षेत्राच्या आत असेल, तर तो १ टक्का असतो. भोगवटा प्रमाणपत्र मिळालेल्या तयार घरावर तो लागत नाही.

हे पैसे कमी पडल्यावर वैयक्तिक कर्ज किंवा सोनेतारण कर्ज काढून ते भरणे, ही सर्वांत महागडी घाई आहे. वर्षभर थांबून स्वतःचा वाटा उभा करावा. '२०२७ च्या सिंहस्थाआधी घ्या, नंतर हात लागणार नाही' असे सध्या प्रत्येक नव्या इमारतीच्या विक्री कार्यालयात सांगितले जाते. विकणाऱ्याच्या सांगण्यावरून आपल्या वीस वर्षांच्या देण्याची तारीख ठरवू नये.

थोडक्यात सांगण्याजोग्या काही चुका

कर्जासोबत दिला जाणारा एकरकमी हप्त्याचा विमा कर्जातच मिसळून घेऊ नये. १ लाख २० हजारांचा विमाहप्ता ८.५ टक्क्यांनी २० वर्षे फेडताना सुमारे अडीच लाखांना पडतो. विमा जरूर असावा, पण तो स्वतंत्र मुदत विमा म्हणून घ्यावा. कर्ज मंजुरीसाठी बँकेनेच सुचवलेला विमा घेणे सक्तीचे नसते.

बांधकाम सुरू असताना फक्त व्याज भरले, तर मुद्दल एक रुपयानेही कमी होत नाही आणि घरभाडे वेगळे जाते. ताब्याची तारीख महारेराच्या, म्हणजे राज्याच्या स्थावर संपदा नियामक प्राधिकरणाच्या, संकेतस्थळावर पाहून मगच हा कालावधी हिशेबात धरावा.

दुसऱ्या बँकेत कर्ज हस्तांतरित करताना उरलेल्या १४ वर्षांची पुन्हा २० वर्षे करून घेतली, तर कमी दराचा फायदा त्यातच विरतो. त्याआधी आपल्याच बँकेत दर कमी करण्याचा अर्ज द्यावा. किरकोळ शुल्कात तो पुष्कळदा मंजूर होतो.

केवळ व्याजदरावरून बँकांची तुलना करू नये. १ ऑक्टोबर २०२४ पासून मंजूर होणाऱ्या कर्जासोबत सर्व शुल्के धरून काढलेला वार्षिक दर, म्हणजे एपीआर, दाखवणारे मुख्य तथ्य विवरण देणे बँकेवर बंधनकारक आहे, आणि ते कर्जदाराला समजणाऱ्या भाषेत असावे लागते. ते मराठीत मागावे. तुलना त्यातील एपीआरची करावी.

कर्ज फिटल्यावर बेबाकी दाखला (काहीही येणे बाकी नाही असे बँकेचे पत्र) घेऊन घरी बसू नये. मूळ कागदपत्रे ३० दिवसांत परत मिळायला हवीत. बँकेच्या कारणाने उशीर झाल्यास दर दिवसामागे ५,००० रुपये भरपाईची तरतूद आहे. बंगला किंवा भूखंड असेल, तर सातबाऱ्यावरील अथवा मिळकत पत्रिकेवरील बँकेचा बोजा आपोआप उतरत नाही. त्यासाठी बँकेचे पत्र जोडून तलाठी किंवा नगर भूमापन कार्यालयात अर्ज द्यावा लागतो, आणि बोजा कमी झाल्याची नोंद असलेला नवा उतारा हातात येईपर्यंत त्याचा पाठपुरावा करावा.