मालिका पण लिहायचीय आणि डॉक्युमेंटरी पण करायचीय? मग असं सुरू करा

मालिका करू की डॉक्युमेंटरी असं बरेच जण विचारतात, मी म्हणते दोन्ही करा, मालिकेवर घर चालतं आणि डॉक्युमेंटरी करताना माणसाचं बोलणं ऐकायची सवय लागते, ती परत संवाद लिहिताना कामाला येतेच.

मालिकेत कथा, पटकथा, संवाद ही बऱ्याचदा तीन वेगळ्या माणसांची कामं असतात, टायटल्स नीट वाचा म्हणजे कळेल. नवीन असाल तर संवादांपासून सुरुवात करा. चालू मालिकेतला एक एपिसोड घ्या, साधारण 22 मिनिटांचा असतो, त्यातल्या एका सीनचे संवाद स्वतः लिहून मोठ्याने वाचा, कोल्हापूरची सासू आणि गिरगावातली सासू सारखीच बोलत असेल तर परत लिहा. एपिसोडची बँक, म्हणजे आधीच शूट करून ठेवलेले एपिसोड, संपत आली की रात्री सीन मागतात आणि सकाळी शूट असतं, तेव्हा घड्याळ लावून लिहायची सवय करा. गोष्ट कुणालाही मेल करायच्या आधी स्क्रीनरायटर्स असोसिएशनचं मेंबर होऊन ऑनलाइन रजिस्टर करा, मी आळस केला आणि एक गोष्ट हातची गेली, अजून वाईट वाटतं.

डॉक्युमेंटरीला मात्र घाई चालत नाही. आनंद पटवर्धनांनी 'जय भीम कॉमरेड'साठी 14 वर्षं शूट केलं, मुंबईतल्या रमाबाई नगरमध्ये 1997 ला झालेल्या पोलिस गोळीबारापासून, फिल्म आली 2011 ला. म्हणून विषय असा घ्या की एसटीने पुन्हा पुन्हा जाता येईल, आणि पहिल्या दोन खेपांना कॅमेरा काढूच नका, नुसते चहा प्या आणि गप्पा मारा. चित्र मोबाइलवर चालून जातं पण आवाज खराब आला तर काहीच करता येत नाही, सो कॉलर माईक घ्या, पंखा-फ्रीज बंद करा (निघताना चालू करायला विसरू नका, त्यांचं दूध नासतं), बोलणं संपल्यावर त्याच खोलीतली 30 सेकंद शांतता रेकॉर्ड करा, एडिटला सांधे जोडायला लागते. संमतीपत्र मराठीत करा आणि सही घ्यायच्या आधी वाचून दाखवा.

नंतर सगळं बोलणं स्वतः टाइप करा, कंटाळा येतो पण दुसऱ्याला देऊ नका, मग प्रिंट काढून वाक्यं कापा आणि भिंतीवर लावून क्रम बदलत बसा, डॉक्युमेंटरीची खरी पटकथा इथे लिहिली जाते. निवेदन सगळ्यात शेवटी, तेही लागलं तरच.

फिल्म स्कूल नाही म्हणून अडून बसू नका, दिग्दर्शिका सुमित्रा भावे समाजकार्यातून आल्या आणि 1985 ला 'बाई' ही फिल्म केली. फिल्म झाली की मुंबईच्या मिफला (मुंबई आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सव, डॉक्युमेंटरी आणि शॉर्ट फिल्मसाठीचा) पाठवा, दर दोन वर्षांनी असतो, पण त्याआधी ज्यांच्यावर केलीय त्यांना त्यांच्याच गावात चादर बांधून दाखवा.