संगीत नाटकातील नर्तकांनी कॅमेऱ्यासमोर जाताना

मुंबईत संगीतप्रधान आणि नृत्यप्रधान नाटकांना गेल्या काही वर्षांत पुन्हा चांगले दिवस आले आहेत. २०१६ साली एनसीपीए या कलाकेंद्रात फिरोज अब्बास खान यांचे ‘मुघल-ए-आझम’ रंगमंचावर आले, तेव्हा त्यात कथक नर्तिकांचा मोठा ताफा होता. २०१७ मध्ये आलेल्या ‘संगीत देवबाभळी’ने संगीत नाटकाकडे नव्या पिढीचा प्रेक्षक वळवला आणि २०२३ मध्ये वांद्रे-कुर्ला संकुलात भव्य संगीतिकांसाठी दोन हजार आसनांचे नाट्यगृह सुरू झाले. अशा नाटकांतून घडलेले अनेक तरुण नर्तक आता मालिका, चित्रपट आणि वेबमालिकांत अभिनय करू इच्छितात. मी स्वतः अनेक वर्षे संगीत नाटकांत नाचले, नंतर कॅमेऱ्यासमोर काम केले आणि सध्या नर्तकांची ऑडिशनसाठी तयारी करून घेते. पुढे लिहिले आहे ते या कामातून हाती आलेले आहे.

भरतनाट्यम किंवा कथक शिकणाऱ्या प्रत्येकाला ‘अभिनयदर्पण’ या जुन्या नृत्यग्रंथातील एक सूत्र पाठ असते: जिकडे हात तिकडे दृष्टी, जिकडे दृष्टी तिकडे मन, जिकडे मन तिथे भाव आणि जिथे भाव तिथे रस. वर्षानुवर्षांच्या रियाजाने हा क्रम आपल्या अंगात इतका भिनतो की हात हलला की नजर आपोआप त्याच्यामागे जाते. कॅमेऱ्यासमोर हेच सूत्र मधून वाचायला शिकावे लागते. तिथे आरंभ मनापासून होतो. मनात विचार आला की तो डोळ्यांत उतरतो आणि हात हललाच तर सर्वांत शेवटी हलतो. नर्तकाला पडद्यावरील अभिनयासाठी नव्याने जे काही शिकायचे असते, त्याचा बहुतेक भाग या एका उलटापालटीत सामावलेला आहे. चतुर्विध अभिनयाच्या भाषेत सांगायचे तर आंगिक, म्हणजे शरीराने केलेला, अभिनय आपला पक्का असतो. कॅमेरा मात्र सात्त्विकाचा, म्हणजे मनातून उमटणाऱ्या भावाचा, शोध घेत असतो.

माझी पहिली ऑडिशन वर्सोव्याच्या आरामनगरमधील एका बंगल्याच्या छोट्या खोलीत झाली. प्रसंग साधा होता: बहिणीने घर सोडून जायचे ठरवल्याचे ऐकून तिला ‘बरं, जा’ एवढेच म्हणायचे होते. मला वाटले की मी अगदी संयमाने बोलले. कास्टिंग असिस्टंटने मला चित्रीकरण दाखवले, तेव्हा माझी डावी भुवई प्रत्येक शब्दाबरोबर वर जाताना दिसली आणि ‘जा’ म्हणताना उजवा हात कमरेपासून निघून मनगटातून वळत खाली येताना दिसला. रंगमंचावर ज्या भुवईने पंधराव्या रांगेपर्यंत दुःख पोहोचवले होते, तीच भुवई तीन फुटांवरच्या कॅमेऱ्यात खोटी दिसत होती. ते पाहून मला फार वाईट वाटले. पण शिकण्याची सुरुवात त्या दहा सेकंदांच्या चित्रफितीनेच झाली, म्हणून माझ्याकडे येणाऱ्या प्रत्येक नर्तकाला मी पहिल्या दिवशी त्याचीच चित्रफीत दाखवते.

घरच्या घरी हाच सराव करण्यासाठी मोबाइल छातीच्या वरचा भाग दिसेल अशा बेताने, साधारण तीन फुटांवर, डोळ्यांच्या उंचीला आडवा ठेवावा. समोर मित्राला किंवा घरातल्या कुणालाही बसवावे आणि त्यांच्याकडून तुम्हाला न सांगितलेली एखादी खरी बातमी ऐकावी. तुम्ही काहीही बोलायचे नाही, फक्त ऐकायचे. मग ती चित्रफीत आवाज बंद करून पाहावी. जिथे तुम्ही खरोखर ऐकत होता आणि जिथे ऐकत असल्याचे दाखवत होता, त्या दोन जागांमधला फरक पहिल्याच आठवड्यात ओळखू येऊ लागतो. संवादांकडे त्यानंतरच वळावे. पडद्यावरील अभिनयात ऐकण्याचा वाटा बोलण्यापेक्षा कमी नसतो, कारण संकलकाला अनेकदा बोलणाऱ्याच्या चेहऱ्याऐवजी ऐकणाऱ्याचा चेहरा हवा असतो आणि तो तिथे सापडला नाही, तर आपला शॉट गाळला जातो.

नर्तकांची आणखी एक खोड काउंटची. आठाच्या मात्रांवर हालचाल बांधण्याची सवय लागली की आपण संवादांतही नकळत मात्रा मोजतो: समोरच्याचे वाक्य संपले, एक-दोन, मान वळली, तीन-चार, वाक्य सुरू. कॅमेरा हे मोजणे टिपतो. त्यावर उपाय म्हणून मी विद्यार्थ्यांना एकच प्रसंग पाच वेळा करायला लावते आणि समोर बसलेल्याला प्रत्येक वेळी क्यू, म्हणजे आपल्या संवादाआधीचे वाक्य, वेगळ्या गतीने द्यायला सांगते. कधी घाईत, कधी मध्येच थांबून, कधी वाक्य अर्धवट सोडून. तिसऱ्या खेपेपर्यंत मोजदाद कोलमडते आणि समोरच्या माणसाकडे लक्ष देण्यावाचून गत्यंतर उरत नाही.

शरीराच्या बाबतीत नर्तकाला आपली अंगलट थोडी विसरावी लागते. हनुवटी किंचित वर, छातीचा भाता उचललेला, पावले बाहेरच्या बाजूला वळलेली, मान लांब, ही ठेवण मंचावर देखणी दिसते; पण चाळीतल्या नळावर भांडणाऱ्या बाईच्या किंवा बँकेत कर्जासाठी ताटकळणाऱ्या तरुणाच्या भूमिकेत तिच्यामुळे घात होतो. दादरच्या भाजी मंडईत दोन्ही हातांत पिशव्या घेऊन चालणारी माणसे आणि संध्याकाळी साडेसहाच्या कर्जत लोकलमध्ये एका पायावर भार टाकून उभी राहिलेली माणसे निरखावीत, त्यांचे वजन कुठे आहे ते पाहावे आणि घरी येऊन खऱ्याखुऱ्या भरलेल्या पिशव्या उचलून चालून बघावे. रिकामी पिशवी जड असल्याचा अभिनय करू नये. आपली शरीरे इतकी शिकलेली असतात की ती खोटे वजनही फार सुबक दाखवतात, आणि तो सुबकपणाच पडद्यावर खटकतो.

समूहनृत्यात वाढलेल्यांसाठी एक वेगळी अडचण असते. १९७२ सालच्या ‘घाशीराम कोतवाल’मध्ये ब्राह्मणांची रांग मानवी पडदा होऊन डोलत असे, त्या रांगेतल्या प्रत्येकाचे कौशल्य स्वतःला रांगेत विरघळवण्यात होते. समूहात उठून न दिसणे हा आपल्याकडचा मोठा संस्कार आहे आणि त्याचा मला अतिशय आदर आहे. कॅमेरा मात्र एकाच माणसाजवळ जातो आणि हा माणूस कोण, असे विचारतो. कोरसमध्ये आठ-दहा वर्षे काढलेल्या कलाकारांना या प्रश्नाची भीती वाटते. ती कमी होण्यासाठी मी त्यांना स्वतःच्या घरातला एक खराखुरा प्रसंग कॅमेऱ्याकडे न पाहता, कुणाला तरी सांगायला लावते. त्यात पाठांतर नसते, रचना नसते आणि सुंदर दिसण्याची जबाबदारीही नसते.

नर्तकाला आयत्या मिळालेल्या गोष्टीही थोड्या नाहीत. सेटवर अभिनेत्याने चालत येऊन जमिनीवर चिकटवलेल्या टेपच्या खुणेवर, म्हणजे मार्कवर, खाली न पाहता थांबायचे असते. जवळच्या शॉटसाठी ८५ मिलिमीटरची लेन्स लावून अ‍ॅपर्चर, म्हणजे लेन्समधले प्रकाशाचे छिद्र, पूर्ण उघडे ठेवले, तर दीड मीटर अंतरावर जेमतेम दोन-तीन सेंटिमीटरचा पट्टाच स्पष्ट दिसतो; पाऊल थोडे पुढे पडले तरी डोळे धूसर होतात आणि फोकस सांभाळणाऱ्या फोकस पुलरची धावपळ होते. नव्या अभिनेत्यांना हे जमायला महिने लागतात. विंगेतून निघून नेमक्या जागी प्रकाशात पोहोचण्याची सवय असलेल्या नर्तकाला हे एका दिवसात जमते.

कंटिन्युइटीचे, म्हणजे शॉटमागून शॉट कृती जुळत राहण्याचे, तसेच आहे. एकच प्रसंग आधी सगळा प्रसंग दिसणाऱ्या मास्टर शॉटमध्ये, मग दोघांच्या खांद्यांवरून, मग क्लोज-अपमध्ये असा पुन्हा पुन्हा चित्रित होतो आणि प्रत्येक वेळी तीच कृती त्याच शब्दावर यावी लागते. चहाचा कप ‘आई’ या शब्दावर उचलला असेल, तर सहाव्या टेकलाही ‘आई’वरच उचलायचा, त्याच हाताने, तेवढाच भरलेला. माझ्या एका विद्यार्थिनीने तिच्या पहिल्या मालिकेत सलग चार टेकना कपाचा कान डाव्या हाताने धरून तो ओठांपर्यंत नेला, घोट न घेता थांबली आणि बशीत ठेवताना कान पुन्हा त्याच कोनात वळवला. सहायक दिग्दर्शिकेला हातातले फोटो तपासण्याची गरजच पडली नाही. इथे एक सावधगिरी मात्र हवी. कृती तीच ठेवायची, भाव गोठवायचा नाही. हात नृत्यासारखा बांधलेला असावा आणि मन दर टेकला मोकळे असावे.

आवाजाबद्दल थोडक्यात. नाट्यगृहात आपण बाल्कनीपर्यंत आवाज फेकतो. सेटवर छातीवर छोटा लेपल माइक असतो किंवा डोक्यावर काठीला लावलेला बूम माइक असतो आणि समोरचा माणूस दोन फुटांवर असतो. त्या माणसाला ऐकू जाईल एवढेच बोलावे. आवाज लहान करताना उच्चार मात्र ढिले होऊ देऊ नयेत, विशेषतः वाक्याच्या शेवटी क्रियापद गिळण्याची सवय मराठीत फार लवकर लागते.

तालमीचा अभाव हा कदाचित सर्वांत मोठा धक्का असतो. नाटकात महिना-दीड महिना तालीम करून आपण पहिल्या अंकापासून शेवटपर्यंत चढत जातो. पडद्यासाठी मात्र एका जागेवरचे सगळे प्रसंग एकत्र उरकले जातात, त्यामुळे सकाळी बापाच्या मृत्यूचा प्रसंग आणि दुपारी त्याच बापाबरोबरचा वाढदिवस, असे घडू शकते. दैनंदिन मालिकेत तर संवाद पुष्कळदा त्याच दिवशी हातात पडतात. म्हणून एक वही ठेवावी आणि प्रत्येक प्रसंगासमोर तीन गोष्टी लिहाव्यात: या आधीच्या क्षणी मी कुठे होतो, मला आता समोरच्याकडून काय हवे आहे आणि मला अजून काय ठाऊक नाही. तिसरा मुद्दा बहुतेकजण गाळतात. पुढची कथा माहीत असलेला चेहरा पडद्यावर लगेच ओळखू येतो, म्हणून मी त्यावर अधिक भर देते.

काम मिळवण्याच्या वाटेबद्दल बोलताना पहिली सूचना अशी की, कास्टिंगकडे नृत्याचे व्हिडिओ पाठवू नयेत. गाण्यांतील नर्तक डान्स कोऑर्डिनेटरमार्फत बोलावले जातात, तर भूमिकांची निवड कास्टिंग डायरेक्टर करतात; या दोन वेगळ्या वाटा आहेत आणि पहिल्या वाटेवर ओळख झाली की दुसरीकडचे दार आपोआप उघडत नाही. गाण्यात मागे नाचण्यात कमीपणा मुळीच नाही, त्यावर अनेक घरे चालतात. मात्र अभिनयासाठी पाठवायची सामग्री वेगळी ठेवावी. त्यात मेकअपविना किंवा अगदी हलक्या मेकअपमधले चार-पाच फोटो असावेत: समोरून, दोन्ही बाजूंनी आणि पूर्ण उंचीचे. सोबत दीड-दोन मिनिटांची दोन भिन्न स्वभावांची स्वगते किंवा संवाद असावेत. सेल्फ टेप, म्हणजे स्वतः चित्रित केलेली ऑडिशन, करताना मागे साधी भिंत, चेहऱ्यावर खिडकीचा उजेड आणि पंखा बंद, एवढे पुरते. इंट्रोमध्ये नाव, वय, उंची, राहण्याचे ठिकाण, येणाऱ्या भाषा आणि मोकळ्या तारखा सांगून चेहऱ्याच्या दोन्ही बाजू दाखवाव्यात. क्यू देणारा माणूस कॅमेऱ्याच्या अगदी शेजारी उभा असावा, म्हणजे दोन्ही डोळे दिसतात.

आरामनगरमध्ये फिरताना दारातूनच ‘नॉट फिट’ असे ऐकावे लागते. याचा अर्थ एवढाच की त्या भूमिकेच्या वयाशी, उंचीशी किंवा चेहऱ्याशी आपण जुळत नाही. तो आपल्या अभिनयावरचा निर्णय नसतो, कारण अभिनय कुणी पाहिलेलाच नसतो. ऑडिशनसाठी कुणी नोंदणी शुल्क, कार्ड किंवा सक्तीच्या पोर्टफोलिओचे पैसे मागितले, तर तिथून परत यावे. भूमिका देणारा माणूस पैसे देतो, घेत नाही. रात्री उशिरा, हॉटेलच्या खोलीत किंवा कुणाच्या घरी बोलावले, तर नकार द्यावा आणि कुठल्याही ऑडिशनला जाण्याआधी निर्मितीसंस्थेत फोन करून विचारण्यात कुणी संकोच करू नये.

पैशांचा हिशेब नाटकापेक्षा वेगळा असतो. नाटकात प्रयोग झाला की नाइट, म्हणजे त्या प्रयोगाचे मानधन, हातात पडते. मालिकेत दिवसाप्रमाणे मानधन ठरते आणि ते मिळायला सर्रास ९० दिवस लागतात. म्हणून नाटक सोडून एकदम मालिकेकडे वळणाऱ्याने निदान चार महिन्यांचे घरभाडे बाजूला ठेवावे, टीडीएस कापून आलेल्या रकमेची नोंद ठेवावी आणि विवरणपत्र वेळेवर भरावे. माझे एकदा एका निर्मात्याकडे अकरा दिवसांचे मानधन अडकले, आणि करार लेखी नव्हता म्हणून मला काहीच करता आले नाही. तेव्हापासून कॉल टाइम (सेटवर हजर राहण्याची वेळ), दिवसाचे मानधन, तासांची मर्यादा आणि पैसे मिळण्याची मुदत या चार गोष्टी कागदावर आल्याशिवाय मी कुणालाही सेटवर जाऊ देत नाही. सिने अँड टीव्ही आर्टिस्ट्स असोसिएशन ही १९५८ पासूनची कलाकारांची संघटना मुंबईतच आहे. सदस्यत्वाचे नियम आरंभीच समजून घ्यावेत.

नाटक चालू ठेवायचे असेल, तर शनिवार-रविवारच्या प्रयोगांच्या तारखा करारावर सही करण्याआधीच एक्झिक्युटिव्ह प्रोड्युसरला लेखी द्याव्यात. नंतर सांगितल्यास दोन्हीकडची माणसे अडचणीत येतात. मढ बेटावर किंवा घोडबंदर रस्त्यावर शूटिंग असेल, तर तिथून शिवाजी मंदिरला साडेतीनच्या प्रयोगासाठी पोहोचायला मी नेहमी तीन तास धरते, पावसाळ्यात चार. आणि सेटवर बारा तासांच्या शिफ्टमध्ये बसून राहण्याचा वेळ फार असतो, त्यामुळे घोटे आणि गुडघे आखडतात. सकाळी सातचा कॉल असेल तर घरून निघण्याआधी अर्धा तास ततकार (कथकचे पदन्यास) किंवा अडवू (भरतनाट्यमच्या मूलभूत हालचाली) करून घ्यावेत, आणि दुपारी मेकअप रूममध्ये पायांवरून पुन्हा एकदा हात फिरवावा.