पीसीवर गेम झटके देतोय, मध्येच गोठतोय? या चुका टाळा

एफपीएस (सेकंदाला दिसणाऱ्या फ्रेम, म्हणजे चित्रं) ९० दिसतायत, तरी गाडी वळवली की चित्र ठेचकाळतं. अशी तक्रार केली की पहिला सल्ला ठरलेला असतो: 'सगळं लो कर.' मग सगळं लो होतं, एफपीएस १३० वर जातात आणि झटके जिथल्या तिथे राहतात.

एफपीएस ही सरासरी आहे. ६० एफपीएसला एका फ्रेमच्या वाट्याला १६.७ मिलिसेकंद येतात. समजा, एका सेकंदात ५९ फ्रेम प्रत्येकी साडेतेरा मिलिसेकंदांत आल्या आणि साठावीला २०० मिलिसेकंद लागले. कोपऱ्यातला आकडा तरीही ६०च दाखवणार. पण ती अडकलेली फ्रेम डोळ्याला बरोबर टोचते. 'टेक रिपोर्ट' या संकेतस्थळाच्या स्कॉट वॉसन यांनी २०११ मध्ये नेमकं हेच दाखवून प्रत्येक फ्रेमचा वेळ मोजायची पद्धत रूढ केली. आज हे काम फुकट होतं. एमएसआय आफ्टरबर्नर आणि त्याच्यासोबत येणारा रिवाट्यूनर टाका, कार्ड कुठल्याही कंपनीचं असलं तरी चालतं. स्क्रीनवर फ्रेमटाइमचा (प्रत्येक फ्रेमला लागलेल्या वेळाचा) आलेख, व्हीरॅम (ग्राफिक्स कार्डाची स्वतःची मेमरी), रॅम, प्रोसेसरचं तापमान आणि क्लॉक (त्याचा वेग) एवढं लावून ठेवा. बाकी आकड्यांची गर्दी नको.

हे न लावता दुरुस्तीला हात घालणं ही सगळ्यात मोठी चूक. दुसरी तिच्याच जोडीची: एका रात्रीत ड्रायव्हर (ग्राफिक्स कार्ड चालवणारं सॉफ्टवेअर) बदलायचा, बायोस (मदरबोर्डचं मूळ सॉफ्टवेअर) बदलायचं, दहा सेटिंग फिरवायची आणि कुठला तरी 'एफपीएस बूस्ट पॅक' विंडोजच्या रजिस्ट्रीत (सेटिंगच्या साठ्यात) ओतायचा. गेम सुधारला तरी कशाने ते कळत नाही, आणि बिघडला तर मागे फिरायला वाट नसते. एका वेळी एकच गोष्ट बदला. बूस्ट पॅक तर टाकूच नका.

आलेख लावून अर्धा तास खेळलात की झटका कधी येतो ते दिसतं. नवीन जागी पहिल्यांदाच? काही वेळ खेळल्यावर? ठरावीक अंतराने? की अख्खं मशीनच गोठतं? यावर पुढचं सगळं ठरतं.

नव्या जागी, नव्या स्फोटाला झटका

हा शेडरचा प्रकार. पाणी कसं चमकावं, धूर कसा पसरावा, हे ग्राफिक्स कार्डाला सांगणारे छोटे प्रोग्रॅम म्हणजे शेडर. कन्सोलचं हार्डवेअर एकच असल्याने तिथे ते आधीच तयार करून देता येतात. पीसीवर प्रत्येकाचं कार्ड वेगळं, ड्रायव्हर वेगळा, म्हणून ते तुमच्याच मशीनवर तयार करावे लागतात. नीट बांधलेला गेम हे काम सुरुवातीला उरकतो. आळशी गेम पहिला स्फोट झाल्यावर जागा होतो, आणि शेडर तयार होईपर्यंत फ्रेम थांबून राहते. डायरेक्टएक्स १२ आल्यापासून ही जबाबदारी ड्रायव्हरकडून बरीचशी गेम बनवणाऱ्यांकडे गेली आणि तक्रारी वाढल्या. व्हॉल्व्ह कंपनीला स्टीम डेक या आपल्या हातात धरायच्या गेमिंग पीसीसाठी तयार शेडर पुरवता येतात, कारण तिथेही हार्डवेअर ठरलेलं आहे.

इथे लोक तीन चुका करतात. पहिली घाईची. 'द लास्ट ऑफ अस पार्ट १' मार्च २०२३ मध्ये पीसीवर आला तेव्हा सुरुवातीला शेडर तयार व्हायला भरपूर वेळ लागायचा. अनेक जण ते काम अर्ध्यावर असतानाच खेळायला घुसले आणि झटके खाल्ले. पट्टी पूर्ण भरू द्या, तोवर चहा टाका. दुसरी चूक स्वच्छतेची. क्लीनर ॲप रोज चालवून 'जंक' म्हणून शेडर कॅश (तयार शेडरचा साठा) उडवायची, म्हणजे गेमने रोज पहिल्यापासून सुरुवात करायची. कॅश एकदाच पुसावी, तीही एखाद्या अपडेटनंतर चित्रात विचित्र गडबड दिसू लागली तर. तिसरी चूक दर आठवड्याला नवा ड्रायव्हर टाकण्याची. ड्रायव्हर बदलला की जुने शेडर बाद होतात आणि 'अपडेटनंतर गेम बिघडला' अशी ओरड सुरू होते. खरं तर त्याच जागेवरून दुसऱ्यांदा गेलात की चित्र सुरळीत असतं. एनव्हिडियाच्या कंट्रोल पॅनलमध्ये शेडर कॅशचा आकार १० जीबी करून ठेवा. एसएसडीवर जागा असेल तर त्यात तोटा काहीच नाही.

काही गेममध्ये मात्र खेळाडूच्या हातात फारसं काही नसतं. एप्रिल २०२३ चा 'जेडाय सर्व्हायव्हर' एका भागातून दुसऱ्या भागात जाताना तगड्या मशीनवरही अडखळायचा. 'बॅटमॅन: आर्कम नाइट' तर जून २०१५ मध्ये पीसीवर इतक्या वाईट अवस्थेत आला की वॉर्नर ब्रदर्सने विक्री थांबवली आणि ऑक्टोबरमध्ये तो परत आणला. अशा वेळी हजारो रुपयांचं नवं कार्ड घेण्यापेक्षा पॅचची वाट बघणं शहाणपणाचं.

दहा मिनिटं छान, मग मान वळवली की झटका

व्हीरॅम तपासा. आपल्याकडच्या बजेट लॅपटॉपमध्ये जीटीएक्स १६५० किंवा चार जीबीवाला आरटीएक्स ३०५० सर्रास दिसतो. नव्या गेमचे टेक्स्चर (वस्तूंवर चढवलेली चित्रं) हाय केले की चार जीबी भरून ओसंडतात. उरलेला माल रॅममध्ये जातो आणि तिथून पीसीआयईच्या (कार्डाला मदरबोर्डाशी जोडणाऱ्या) रस्त्याने ये-जा करतो. कार्डावरची मेमरी सेकंदाला शंभराहून जास्त जीबी हलवते, तर हा रस्ता साधारण १६ जीबीचा. फ्रेम वाट बघत बसणारच.

'सगळं लो' इथे कसं फसतं ते बघा. सावल्या, प्रकाश, रिझोल्यूशन खाली आणलं की ग्राफिक्स कार्ड मोकळं होतं, ते जास्त फ्रेम मागू लागतं आणि सगळा भार प्रोसेसरवर येतो. आधी जो प्रोसेसर कसाबसा पुरत होता, तो आता १०० टक्क्यांवर धापा टाकतो आणि झटके वाढतात. उलट टेक्स्चर मेमरीत मावत असतील तर त्यांचा एफपीएसवर जवळजवळ परिणाम होत नाही. म्हणून फक्त टेक्स्चर एक पायरी खाली आणा, गेम बंद करून पुन्हा सुरू करा आणि आलेख बघा. फ्रेम जनरेशनलाही (मधल्या फ्रेम कृत्रिमरीत्या भरणाऱ्या सोयीला) व्हीरॅम लागते, त्यामुळे चार जीबीच्या कार्डावर 'एफपीएस दुप्पट' म्हणून ते चालू केलं की आगीत तेल पडतं.

व्हीरॅममध्ये जागा असूनही असंच होत असेल तर साधी रॅम बघा. टास्क मॅनेजरच्या मेमरी पानावर किती स्लॉट वापरात आहेत ते दिसतं. दोनपैकी एकच असेल, म्हणजे ८ जीबीची एकच पट्टी, तर दुहेरी अडचण: रॅम अपुरी आणि तीही सिंगल चॅनेल, म्हणजे एकाच वाटेने चालणारी. ज्या लॅपटॉपात वेगळं ग्राफिक्स कार्ड नाही, तिथे हीच रॅम व्हीरॅमचंही काम करते. तिथे दुसरी पट्टी लावण्याइतका फायदा कुठल्याही सेटिंगने होत नाही. घ्यायच्या आधी रॅम बोर्डावरच डकवलेली नाही ना, एवढं पाहून घ्या. डेस्कटॉपवर ३२०० ची रॅम घेऊन ती २४०० किंवा २६६६ वर चालवत बसलेलेही पुष्कळ आहेत, कारण बायोसमध्ये एक्सएमपी (रॅम तिच्या पूर्ण वेगाने चालवणारं सेटिंग) कोणी चालूच केलेलं नसतं. पीसी बांधून देणाऱ्याकडूनही हे राहून जातं.

आणि पेजफाइल (रॅमला जोड म्हणून विंडोज डिस्कवर राखतं ती जागा) बंद करू नका. 'एसएसडी वाचेल, गेम पळेल' असं सांगणारे व्हिडिओ ढिगाने आहेत. रॅममध्ये जागा दिसत असतानाही मोठे गेम विंडोजकडून मेमरी आगाऊ राखून घेतात. पेजफाइल नसेल तर ती मिळत नाही आणि गेम कोसळतो. ती विंडोजच्या भरवशावर सोडा.

गेम हार्ड डिस्कवर आहे का? 'स्टारफिल्ड'सारखे गेम किमान गरजांमध्येच एसएसडी मागतात. खुल्या जगाचा नकाशा खेळता खेळता लोड होतो, आणि जुन्या हार्ड डिस्कला ते झेपत नाही.

अर्ध्या तासाने मंदावतो

उष्णता, बहुधा. पण तापमानाच्या आकड्याला घाबरण्याआधी क्लॉक बघा. रायझेन ७००० मालिकेचे डेस्कटॉप प्रोसेसर पूर्ण भाराखाली ९५ अंशांपर्यंत जावेत असेच बनवलेत. ९५ अंशांवर क्लॉक टिकून असेल तर गुन्हेगार दुसरा कोणी. चार गिगाहर्ट्झवरून क्लॉक दोनवर घसरतोय आणि त्याच क्षणी आलेखात उंच रेघ येतेय, तर मात्र गरमीच.

लॅपटॉप गादीवर ठेवला की खालची जाळी बंद होते. मे महिन्यात नागपूर-चंद्रपूरकडे बाहेर ४५ अंश असताना पंखा खोलीतली तीच गरम हवा आत ओढणार, त्याला दुसरा इलाज नाही. धूळ साफ करा, मागची बाजू दोन बोटं उचला. मशीन जुनं असेल तर थर्मल पेस्ट बदलून घ्या. तरीही भागत नसेल तर पॉवर ऑप्शन्समध्ये प्रोसेसरची कमाल मर्यादा १०० ऐवजी ९९ टक्के करा. त्याने टर्बो (प्रोसेसरचा जादा वेग) बंद होतो, एफपीएस थोडे घटतात, पण एकसारखे राहतात. ही तडजोड मला तरी पटते. चार्जर काढून खेळत असाल तर यातलं काहीच तपासू नका, आधी चार्जर लावा.

ठरावीक अंतराने, घड्याळ लावल्यासारखा

मागे काहीतरी चालू आहे. रंगीत दिव्यांचं सॉफ्टवेअर, दोन-तीन ओव्हरले (गेमच्या वर दिसणाऱ्या खिडक्या) एकावर एक, वनड्राइव्ह, स्टीमवर चाललेलं दुसऱ्या गेमचं डाउनलोड. सगळं बंद करून बघा, मग एकेक चालू करा. सप्टेंबर २०२२ मध्ये विंडोज ११ च्या २२एच२ अपडेटनंतर एनव्हिडियाच्या स्वतःच्याच ओव्हरलेमुळे गेम अडखळत होते आणि कंपनीला दुरुस्ती काढावी लागली. त्याच वर्षी मार्चमध्ये एएमडीनेही मान्य केलं की काही रायझेन मशीनवर एफटीपीएममुळे (प्रोसेसरमधल्या सुरक्षेच्या सोयीमुळे) अधूनमधून क्षणभर सगळंच अडकतं, आवाजासकट. त्यावर उपाय बायोस अपडेट. एएमडीच्या जुन्या एएम४ मदरबोर्डावर अजून मूळचंच बायोस असेल तर इथून सुरुवात करा. ८००० हर्ट्झचा (सेकंदाला ८००० वेळा आपली जागा कळवणारा) माउस घेतला असेल आणि तो हलवतानाच झटके येत असतील, तर १००० वर आणा.

छोट्या पण हमखास

डेस्कटॉपवर एचडीएमआयची केबल ग्राफिक्स कार्डात न लावता मदरबोर्डात लावणं. १४४ हर्ट्झचा (सेकंदाला १४४ वेळा चित्र बदलणारा) मॉनिटर घेऊन विंडोजमध्ये ६०च ठेवणं. आणि एफपीएसला लगाम न घालणं: ५० ते ९० असे हेलकावे खाण्यापेक्षा सलग ६० डोळ्याला कितीतरी बरे वाटतात. फ्रीसिंक किंवा जी-सिंक (मॉनिटरचा वेग एफपीएसशी जुळवणारी सोय) नसेल तर मर्यादा रिफ्रेश रेटला पूर्ण भागणारी ठेवा, १२० हर्ट्झला ६० किंवा ४०, १४४ ला ७२ किंवा ४८.

ऑनलाइन गेममध्ये खेळाडू एका जागेवरून दुसरीकडे उडी मारताना दिसतात पण चित्र सुरळीत आहे, तर तो नेटचा प्रश्न. 'व्हॅलोरंट'मध्ये पिंग (सर्व्हरकडून उत्तर यायला लागणारा वेळ), पॅकेट लॉस (वाटेत हरवलेला डेटा) आणि एफपीएस यांचे वेगवेगळे आलेख लावता येतात. पॅकेट लॉस दिसत असेल तर वायफाय सोडून केबल लावा. ग्राफिक्स सेटिंगला हात लावून उपयोग नाही.

अख्खा पीसीच गोठतो तेव्हा

पडदा काळा झाला तर विंडोज, कंट्रोल, शिफ्ट आणि बी एकदम दाबा. ग्राफिक्स ड्रायव्हर पुन्हा सुरू होतो आणि कधी कधी गेमही वाचतो. नंतर इव्हेंट व्ह्यूअर (विंडोजची नोंदवही) उघडा. तिथे 'कर्नल-पॉवर ४१' दिसलं की लोक थेट पॉवर सप्लाय बदलायला निघतात. त्या नोंदीचा अर्थ एवढाच की मशीन नीट बंद न होता पुन्हा सुरू झालं. तुम्ही बटण दाबून धरलं असेल तरीही ती येते. डब्ल्यूएचईए-लॉगरच्या (हार्डवेअरच्या चुका टिपणाऱ्या) नोंदी असतील तर मात्र हार्डवेअरकडे संशयाने बघा. ओव्हरक्लॉक (वाढवलेला वेग), अंडरव्होल्ट (कमी केलेलं व्होल्टेज), एक्सएमपी सगळं काढून मशीन मूळ स्थितीत चालवा. कार्डाने दोन सेकंदांत उत्तर दिलं नाही तर विंडोज ड्रायव्हर रीसेट करतं. रजिस्ट्रीत ही मुदत वाढवण्याचा 'उपाय' सांगितला जातो, पण त्याने कार्ड सुधारत नाही, गोठणं फक्त लांबतं.

इंटेलच्या १३व्या आणि १४व्या पिढीचे डेस्कटॉप प्रोसेसर असतील, विशेषतः आय७ आणि आय९, तर आणखी एक गोष्ट तपासा. अनरियल इंजिनचे गेम शेडर तयार करताना 'व्हिडिओ मेमरी संपली' असा संदेश देऊन कोसळत होते, व्हीरॅम भरपूर शिल्लक असतानाही. दोष ग्राफिक्स कार्डाचा नव्हताच. जास्त व्होल्टेजमुळे प्रोसेसर झिजत होता. इंटेलने ऑगस्ट २०२४ मध्ये ०एक्स१२९ हा मायक्रोकोड (प्रोसेसरच्या आतलं सॉफ्टवेअर) दिला, तो बायोस अपडेटमधून येतो. पण त्याने पुढची झीज रोखली जाते, झालेली भरून येत नाही. अपडेट करूनही तोच संदेश येत असेल तर प्रोसेसर बदलून घ्यावा लागेल. इंटेलने या प्रोसेसरची वॉरंटी दोन वर्षांनी वाढवली आहे, त्यामुळे बिल शोधून ठेवा. मुंबईच्या लॅमिंग्टन रोडवरून किंवा कुठूनही बांधून घेतलेल्या पीसीत बॉक्समधल्याऐवजी ट्रे प्रोसेसर (खोक्याशिवाय सुटा मिळणारा) लावलेला असेल तर दावा इंटेलकडे नाही, ज्याने विकला त्या दुकानदाराकडे करावा लागतो.