भानामतीचा छडा कसा लावावा

कौलांवर दगड पडतात, दोरीवरचे कपडे पेटतात, पिठात शेण सापडतं, अंगावर बिब्ब्याच्या फुल्या उमटतात. लोक यालाच भानामती म्हणतात. हे 'भास' म्हणून उडवून लावू नका. दगड खरेच पडतात, फक्त ते घरातलंच कुणीतरी टाकत असतं.

अशा घरी गेलात की आधी मांत्रिक, देवऋषी बंद करा. मग वहीत प्रत्येक प्रकार लिहा: वेळ, आधी कुणाला दिसलं, कोण कुठे होतं, आणि घडताना पाहिलं की घडून गेल्यावर. घर एकदा धास्तावलं की उंदरानं पाडलेलं भांडंही भानामतीत जमा होतं. ते वगळा.

फुल्या नीट बघा. बिब्ब्याचं तेल कातडी काळी पाडतं, फोड आणतं. खुणा पोटावर, मांडीवर, डाव्या दंडावर आहेत आणि पाठीच्या मधोमध एकही नाही, म्हणजे स्वतःचा हात पोचतो तिथेच त्या आहेत.

घरातल्या प्रत्येकाशी वेगवेगळं, सारखाच वेळ बोला. कोण माहेरी किंवा शाळेत गेलं की प्रकार थांबतात, हे वहीवरून कळतंच.

खरी कसोटी पुढे आहे, आणि बहुतेक जण इथेच घात करतात. हे प्रकार करणारं माणूस बहुधा घरात ज्याचं कुणी ऐकत नाही असं असतं: शाळा सुटलेली, मनाविरुद्ध लग्न ठरत असलेली मुलगी, सासुरवासानं पिचलेली सून, सतत मार खाणारा पोरगा. 'तूच केलंस ना?' असं कधीही विचारू नका. 'तुला काय त्रास होतोय?' इथून सुरू करा. बाईमाणसाशी बाईनंच बोलावं. नाव फुटणार नाही असा शब्द द्या आणि घरच्यांनी कितीही खोदून विचारलं तरी तो पाळा. चारचौघांत नाव घेतलंत तर मारहाण होते, घराबाहेर काढतात, ते माणूस जिवाचं बरंवाईट करून घेऊ शकतं. काहींना आपण केलेलं खरंच आठवत नाही, तिथे कबुलीचा हट्ट म्हणजे छळ. अशांना जिल्हा रुग्णालयातल्या मानसोपचारतज्ज्ञांकडे न्या, किंवा 14416 या टेलिमानस (सरकारी मानसिक आरोग्य मदतवाहिनी) क्रमांकावर फोन करा.

घरच्यांना एवढंच सांगा: प्रकार थांबतील, पण लग्नाची बोलणी थांबवा, किंवा पोरीला परत शाळेत घाला. जे कारण असेल ते. भूत उतरवायच्या नावाखाली कुणी मारहाण केली तर महाराष्ट्राच्या 2013 च्या जादूटोणाविरोधी कायद्याखाली पोलिसांत तक्रार द्या. पुढचे काही महिने त्या घरी जात राहा, कारण जाच तसाच राहिला तर दगड पुन्हा पडू लागतात.